फिलिपाइन्सचा ‘बॉम्बा’ आणि ‘बोल्ड’ सिनेमा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

लिनो ब्रोका किंवा इश्माएल बर्नाल या दिग्दर्शकांचे चित्रपट पाहून झाले की फिलिपिनो सिनेमाचं आणखी एक दालन समोर येतं. ते प्रौढांसाठीच्या चित्रपटांचं. १९७० ते १९८६ या काळात तिथे असे शेकड्यांनी चित्रपट निघाले. त्यांतले बहुतेक विसरून जाण्यासारखे आहेत, पण काही थोडे आशियाई सिनेमाच्या कुठल्याही इतिहासात जागा मिळावी असे आहेत. फिल्म सोसायटीत आणि ऑनलाइन चर्चांत त्यांच्याबद्दल पुन्हापुन्हा विचारले जाणारे प्रश्न इथे घेतले आहेत.

‘बॉम्बा’ म्हणजे नेमके कोणते चित्रपट?

१९७० ते १९७२ या दोन-अडीच वर्षांत निघालेले, नग्नता आणि शरीरसंबंध पडद्यावर उघड दाखवणारे, टागालोग या तिथल्या भाषेतले चित्रपट. त्यांची सुरुवात साधारणपणे १९७० च्या ‘उहाव’पासून मानतात. रुबेन आबालोस यांच्या या चित्रपटात मेर्ले फर्नांडेझ नायिका होती. तो तुफान चालला आणि मग प्रत्येक छोट्या निर्मात्याला तसाच चित्रपट हवा झाला. कमी भांडवल, थोड्या दिवसांचं चित्रीकरण आणि मनिलाच्या जुन्या एकपडदा थिएटरांत हमखास गर्दी, असं ते गणित होतं.

हा काळ कोणता होता तेही लक्षात घ्यायला हवं. १९७० च्या पहिल्या तीन महिन्यांत विद्यार्थ्यांच्या मोर्चांनी मनिला हादरली होती. ऑगस्ट १९७१ मध्ये प्लाझा मिरांडा इथल्या विरोधी पक्षाच्या सभेत हातबॉम्ब फेकले गेले. रस्त्यावर आणि पडद्यावर एकाच वेळी सगळे बांध सुटत होते. सेल्सो ॲड. कास्तियो यांच्यासारखा पुढे मोठा झालेला दिग्दर्शकही याच लाटेत होता. त्यांचा ‘निम्फा’ १९७१ चा.

मार्कोस यांनी मार्शल लॉ लावल्यावर हे चित्रपट बंद पडले ना?

काही काळ बंद पडले. २३ सप्टेंबर १९७२ रोजी राष्ट्राध्यक्ष फर्डिनांड मार्कोस यांनी मार्शल लॉ, म्हणजे लष्करी कायदा, जाहीर केला आणि ‘नवा समाज’ घडवण्याची भाषा सुरू झाली. त्या भाषेत बॉम्बाला जागा नव्हती. चित्रीकरणाआधी संपूर्ण पटकथा सेन्सॉर मंडळाकडे देऊन मंजुरी घेणं सक्तीचं झालं.

पण दोन वर्षांत वाट सापडली. नायिकेनं कपडे उतरवायचे नाहीत, फक्त भिजायचं. पावसात, नदीत, समुद्रात, पातळ पांढऱ्या अंतर्वस्त्रात. नियम मोडला नाही आणि प्रेक्षकही आला. या प्रकाराला तिथे ‘वेट लुक’ म्हणत. त्याचं गाजलेलं उदाहरण कास्तियो यांचंच, १९७४ चं ‘आंग पिनाकामागांदांग हायोप सा बालात नँग लूपा’. नायिका ग्लोरिया डियाझ, म्हणजे १९६९ ची मिस युनिव्हर्स. हा किताब मिळवणारी पहिली फिलिपिनो स्त्री. बॉम्बाच्या नट्यांना जो मान कधी मिळाला नाही तो तिच्यापाशी आधीच होता. त्यामुळे या चित्रपटाकडे सरसकट नाक मुरडणं मध्यमवर्गाला जमलं नाही.

आघाडीच्या नट्या या वाटेला गेल्या का?

गेल्या, आणि त्यातून एक अव्वल चित्रपट मिळाला. १९७७ च्या ‘बर्लेस्क क्वीन’मध्ये विल्मा सांतोस हिनं अपंग बापाला पोसण्यासाठी रंगमंचावर उत्तान नाच करणाऱ्या मुलीची भूमिका केली. तोवर ती गोड, सोज्ज्वळ भूमिकांसाठी ओळखली जात होती. कास्तियो यांचा कॅमेरा तिच्या नाचाकडे पाहतो तसाच समोर बसलेल्या, घामेजलेल्या, ओरडणाऱ्या पुरुषांकडेही पाहतो, आणि आपण त्यांच्याच रांगेत बसलो आहोत हे जाणवून अस्वस्थ व्हायला होतं. त्या वर्षीच्या मेट्रो मनिला चित्रपट महोत्सवात तो सर्वोत्कृष्ट ठरला आणि त्या निकालावरून मोठा वाद झाला. विल्मा सांतोस पुढे राजकारणात गेली आणि २००७ मध्ये बातांगास प्रांताची पहिली महिला गव्हर्नर झाली. बोल्ड भूमिका केली की नटीचं सगळं संपतं, असं म्हणणाऱ्यांना हे उदाहरण जरूर सांगावं. मात्र तिच्यापाशी आधीचं नाव आणि प्रेक्षकांचं प्रेम होतं. ज्यांच्यापाशी ते नव्हतं त्यांची गोष्ट पुढे येते.

सरकारनंच असले चित्रपट दाखवले, हे खरं आहे का?

खरं आहे, आणि या साऱ्या इतिहासाचं मर्म इथेच आहे.

मार्कोस यांच्या पत्नी इमेल्दा यांना मनिला हे आशियाचं ‘कान’ व्हायला हवं होतं, म्हणजे फ्रान्समधल्या कानसारखं चित्रपट महोत्सवाचं शहर. त्यासाठी मनिला उपसागराच्या काठावर भराव घातलेल्या जमिनीवर मनिला फिल्म सेंटर नावाची ग्रीक मंदिरासारखी भव्य इमारत घाईघाईनं उभी केली गेली. पाळ्यांमध्ये दिवसरात्र काम चालू होतं. १७ नोव्हेंबर १९८१ च्या पहाटे परांची कोसळली आणि मजूर ओल्या सिमेंटमध्ये पडले. बचाव पथकं आणि पत्रकार यांना कित्येक तास आत सोडलं नाही. नेमके किती मजूर गेले यावर आजही एकमत नाही. दोन महिन्यांनी, जानेवारी १९८२ मध्ये, त्याच इमारतीत पहिला मनिला आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव झाला.

त्याच वर्षी ‘एक्स्पेरिमेंटल सिनेमा ऑफ द फिलिपीन्स’ ही सरकारी संस्था स्थापन झाली. तिच्या प्रमुखपदी होत्या मार्कोस यांच्या कन्या इमी. सुरुवातीला या संस्थेनं खरोखर चांगलं काम केलं. नोरा औनोर नायिका असलेला ‘हिमाला’ आणि पेके गॅलागा यांचा ‘ओरो, प्लाता, माता’ हे दोन्ही १९८२ चे चित्रपट तिच्या पैशानं झाले. दोन्हींची गणना आज फिलिपिनो अभिजात चित्रपटांत होते.

मग पैसा आटला. १९८३ च्या दुसऱ्या महोत्सवाच्या खर्चासाठी फिल्म सेंटरमध्ये आणि शहरातल्या थिएटरांत न कापलेले प्रौढ चित्रपट दाखवायला परवानगी मिळाली आणि तिकिटांसाठी झुंबड उडाली. त्या ऑगस्टमध्ये विरोधी नेते निनॉय अकिनो यांची विमानतळावरच हत्या झाली. परदेशी भांडवल पळालं, पेसो घसरला, कर्जाचे हप्ते थांबले. सरकार रोज नव्या मोर्चाला तोंड देत होतं, आणि फिल्म सेंटरला सेन्सॉरच्या नियमांतून मिळालेली सूट चालूच होती. कात्री न लागलेला चित्रपट पाहायचा तर लोक सरकारच्याच इमारतीत रांग लावत होते.

लोकांचं लक्ष वळवण्यासाठी हे मुद्दाम केलं, असं तेव्हाचे विरोधक उघड म्हणत. तिजोरीची गरज आणि राजकीय सोय इथे एकाच दिशेला होत्या, एवढं मला स्पष्ट दिसतं. ज्या राजवटीनं नीतीच्या नावाखाली बॉम्बा बंद केला, तीच अकरा वर्षांनी नग्नतेची तिकिटं विकत होती. दोन्ही वेळा तिला प्रेक्षकाची नीती नव्हे, खुर्ची सांभाळायची होती.

या सगळ्यात भारताचा काही संबंध येतो का?

एक येतो, आणि तो अभिमानाचा आहे. १९८२ च्या त्या पहिल्या महोत्सवात सर्वोच्च पारितोषिक मिळालं ते अपर्णा सेन यांच्या ‘३६ चौरंगी लेन’ला. निर्माते शशी कपूर, प्रमुख भूमिकेत जेनिफर केंडल. कोलकात्यातल्या एका एकाकी अँग्लो-इंडियन शिक्षिकेची ही शांत गोष्ट त्या इमारतीत गौरवली गेली, हा योगायोग मला अजूनही विलक्षण वाटतो.

‘पेने’ चित्रपट कशाला म्हणतात?

१९८४ ते १९८६ मधल्या, प्रत्यक्ष संभोग दाखवणाऱ्या किंवा दाखवल्याचा दावा करणाऱ्या चित्रपटांना. अनेकदा एकाच चित्रपटाच्या दोन प्रती असत: एक मंडळाला दाखवायची, दुसरी थिएटरात चालवायची. काही ठिकाणी वेगळंच चित्रीकरण मधे जोडून दिलं जाई, आणि ज्या नटीचा चेहरा पोस्टरवर असे तिला याचा पत्ताही नसे. ही नटीची सरळसरळ फसवणूक होती.

मग सेन्सॉर कापत तरी काय होतं?

गरिबी आणि राग.

इश्माएल बर्नाल यांचा १९८० चा ‘मनिला बाय नाइट’ घ्या. वेश्या, ड्रग्जच्या आहारी गेलेली मुलं, खोटी नर्स, टॅक्सीवाला, अंध मसाज करणारी बाई अशी कितीतरी माणसं त्यात एका शहराच्या रात्रीत फिरतात. इमेल्दा तेव्हा मेट्रो मनिलाच्या गव्हर्नर होत्या. आपल्या झगमगत्या शहराचं हे रूप त्यांना सहन झालं नाही. शीर्षकातून आणि संवादांतून ‘मनिला’ हा शब्द काढायला लावला, चित्रपट ‘सिटी आफ्टर डार्क’ या नावानं कापाकापी करून लागला, आणि बर्लिनच्या महोत्सवाचं बोलावणं असूनही त्याला देशाबाहेर जाऊ दिलं नाही.

लिनो ब्रोका यांच्या ‘बायान को: कापित सा पातालिम’ची कथा न्यायालयापर्यंत गेली. हा छापखान्यातल्या कामगाराचा आणि संपाचा चित्रपट. १९८४ मध्ये तो कानच्या मुख्य स्पर्धेत होता. मायदेशी मात्र मंडळानं त्याला प्रौढांसाठीचं प्रमाणपत्र देऊन वर काटछाटही सांगितली. निर्माते सर्वोच्च न्यायालयात गेले. जुलै १९८५ च्या निकालात न्यायालयानं म्हटलं की मंडळाचं काम चित्रपटाचं वर्गीकरण करण्याचं आहे. बंदी किंवा काटछाट फक्त समाजाला उघड आणि निकटचा धोका असेल तरच. मंडळानं अधिकाराचा घोर गैरवापर केला असं ठरवण्यापुरती मतं मात्र पडली नाहीत, म्हणून याचिका फेटाळली गेली. तत्त्व जिंकलं आणि चित्रपट हरला. त्याच वर्षी, जानेवारीत, ‘जीपनी’ या प्रवासी गाड्यांच्या चालकांच्या संपाला पाठिंबा दिला म्हणून ब्रोका यांना अटक झाली होती.

ब्रोका यांचाच ‘इन्सियांग’ हा १९७६ चा चित्रपटही इथेच आठवतो. तोंदोच्या झोपडपट्टीतल्या मुलीवर आईचा तरुण प्रियकर बलात्कार करतो आणि ती थंड डोक्यानं सूड घेते. १९७८ मध्ये तो कानच्या ‘डायरेक्टर्स फोर्टनाइट’ विभागात गेला. कानमध्ये दाखवला गेलेला तो पहिला फिलिपिनो चित्रपट. त्याला कुणी बोल्ड म्हणत नाही. पण देहावर सत्ता कुणाची, हा प्रश्न त्याच्याइतका नेमका दुसऱ्या कुणी विचारलेला मी पाहिला नाही.

‘स्कॉर्पिओ नाइट्स’चं एवढं नाव का?

कारण पेने लाटेच्या ऐन मध्यात, तीच बाजारू चौकट घेऊन, पेके गॅलागा यांनी १९८५ मध्ये घुसमटीचा एक अस्सल चित्रपट केला. मनिलातलं एक पडकं, कोंदट, दाटीवाटीचं लाकडी घर. खाली सुरक्षारक्षक आणि त्याची बायको, वर विद्यार्थी. फळ्यांमधल्या भोकातून विद्यार्थी रोज रात्री खाली पाहतो. रक्षक कामावरून येतो, जेवतो, गणवेश उतरवतो, बायकोला जवळ घेतो आणि झोपतो. रोज तेच, त्याच क्रमानं. बायको एक वस्तू असल्यासारखी निपचित. मग विद्यार्थी त्या चाकोरीत शिरतो आणि शेवट बंदुकीनं होतो.

गणवेश, बंदूक, चोरून पाहणारी नजर आणि सुटायला जागा नसलेलं घर: १९८५ च्या मनिलात हे पाहणाऱ्याला राजवटीची आठवण होणारच. तरी मला हा चित्रपट केवळ रूपक म्हणून वाचलेला आवडत नाही. त्यातला उकाडा, पातळ भिंतींतून येणारे शेजाऱ्यांचे आवाज, गरिबांच्या घरात एकांत मिळणंच अशक्य असणं हे जितकं खरं आहे तितकंच ते रूपकही टिकतं. शृंगारदृश्यांत सुख जवळजवळ नाहीच, भूक आहे. पुढे कोरियात २००१ मध्ये ‘समरटाइम’ नावानं याच कथेवर चित्रपट निघाला.

याच्यासोबत तीन नावं घ्यायलाच हवीत. तिकॉय अगिलूझ यांच्या ‘बोटमन’मध्ये (१९८४) पागसांहानच्या धबधब्याकडे पर्यटकांना होडीतून नेणारा तरुण मनिलात येतो आणि लोकांसमोर संभोग करून दाखवण्याच्या धंद्यात अडकतो. चितो रोन्यो यांच्या ‘प्रायव्हेट शो’मध्ये (१९८५) तोच धंदा आतून दिसतो. वडील मार्कोस यांचे मंत्री असल्यामुळे असेल, पण रोन्यो यांनी तो ‘सिक्स्टो कायको’ या टोपणनावानं केला. तिसरा एल्वूड पेरेझ यांचा ‘सिलिप’ (१९८५): मिठागरांच्या उजाड गावात धर्मभीतीनं पिसाळलेले लोक. पटकथा रिकी ली यांची. मार्शल लॉमध्ये तुरुंगात राहिलेला हा लेखक २०२२ मध्ये देशाचा ‘राष्ट्रीय कलावंत’ ठरला.

या नट्यांचं पुढे काय झालं?

हा प्रश्न सगळ्यांत आधी विचारला जायला हवा, पण तो नेहमी सगळ्यांत शेवटी येतो.

ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला रे दे ला क्रूझ नावाच्या व्यवस्थापकानं आपल्या हाताखालच्या तरुण नट्यांना शीतपेयांची नावं दिली: पेप्सी पालोमा, कोका निकोलास, सार्सी इमॅन्युएल. ‘सार्सी’ हे तिथलं लोकप्रिय पेय. बातम्या झटपट झाल्या आणि त्यांची खरी नावं पुसली गेली. यांतल्या काही तर कायद्यानं सज्ञानही नव्हत्या, आणि त्यांना या धंद्यात आणणाऱ्या प्रौढांना तेव्हा कुणी जाब विचारला नाही.

पेप्सी पालोमानं १९८२ मध्ये टीव्हीवरच्या प्रसिद्ध विनोदी कलाकारांवर बलात्काराची तक्रार केली. त्यांनी जाहीर माफी मागितली, तक्रार मागे घेतली गेली आणि खटला उभा राहिलाच नाही. मे १९८५ मध्ये ती मृतावस्थेत सापडली. विशीही गाठली नव्हती. १९८४ च्या अखेरीस स्टेला स्ट्राडा ही दुसरी बोल्ड नटी गेली होती. दोन्ही मृत्यूंची नोंद आत्महत्या अशी झाली. या काळाबद्दल प्रेमानं लिहिणाऱ्यांनी ही नावं गाळू नयेत. ज्या चित्रपटांची आपण तारीफ करतो ते याच धंद्यात, याच माणसांच्या हाताखाली झाले.

काही जणी टिकल्या आणि फार पुढे गेल्या. ‘प्रायव्हेट शो’ची नायिका जॅकलिन होसे हिला २०१६ मध्ये ‘मा’ रोसा’साठी कानमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. आग्नेय आशियातल्या अभिनेत्रीला मिळालेलं ते पहिलं. २०२४ मध्ये ती गेली. ‘सिलिप’मधली मारिया इसाबेल लोपेझ पुढेही उत्तम भूमिका करत राहिली.

स्त्री दिग्दर्शकांनी या विषयाला हात घातला का?

घातला, आणि तो पाहिल्याशिवाय हा काळ कळत नाही. मारिलू दियाझ-आबाया यांचे ‘ब्रूटाल’ (१९८०), ‘मोराल’ (१९८२) आणि ‘कार्नाल’ (१९८३) पाहा. लॉरीस गिलेन यांचा ‘सालोमे’ (१९८१) पाहा. ‘ब्रूटाल’मध्ये नवऱ्याचा खून करून गप्प बसलेली बाई आहे आणि तिचं मौन समजून घ्यायला आलेली पत्रकार आहे. पुरुष दिग्दर्शकांच्या चित्रपटांत बायकांकडे सतत पाहिलं जातं, इथे त्यांचं ऐकलं जातं.

मार्कोस गेल्यावर हे सगळं थांबलं?

फेब्रुवारी १९८६ मध्ये जनतेच्या उठावानं मार्कोस यांना पळून जावं लागलं आणि पेनेची लाट ओसरली. वर्गीकरणाचं मंडळ मात्र राहिलं. ऑक्टोबर १९८५ मध्ये मार्कोस यांनीच फर्मानानं स्थापलेलं मंडळ आजही काम करतं. ब्रोका यांचा १९८८ चा ‘माचो डान्सर’, बारमध्ये नाचणाऱ्या तरुण पुरुषांचा, देशात कापला गेला आणि परदेशात पूर्ण दाखवला गेला. नव्वदच्या दशकात सेइको फिल्म्ससारख्या कंपन्यांनी चकचकीत बोल्ड चित्रपट काढले. रोझाना रोसेस हे त्यातलं मोठं नाव.

२००१ चा प्रसंग मात्र विसरू नये. होसे हाविएर रेयेस यांचा ‘लाइव्ह शो’ मंडळानं रीतसर मंजूर केला होता. कार्डिनल हायमे सिन यांनी विरोध केला आणि राष्ट्राध्यक्ष ग्लोरिया आरोयो यांनी चालू चित्रपट थिएटरांतून उतरवला. मंडळाचे अध्यक्ष निकॅनोर तिओंगसन यांनी राजीनामा दिला. दोनच महिन्यांपूर्वी याच कार्डिनलांच्या आवाहनावर लोक रस्त्यावर उतरले होते आणि आरोयो सत्तेवर आल्या होत्या. लोकशाही आली तरी कात्री कुणाच्या हातात, हा प्रश्न सुटलेला नव्हता.

आता हा व्यवसाय मोबाइलवर गेला आहे. २०२१ मध्ये व्हिवामॅक्स ही सशुल्क सेवा सुरू झाली आणि ‘स्कॉर्पिओ नाइट्स’चं नाव लावून २०२२ मध्ये तिसरा भागही आला.

हे चित्रपट आज पाहायला मिळतात का? सुरुवात कुठून करावी?

बॉम्बा काळातलं फार थोडं उरलं आहे. दमट हवा, साठवणुकीची हेळसांड आणि ‘असल्या’ चित्रपटांच्या प्रती जपायच्या कशाला ही वृत्ती, तिन्हींनी मिळून ते संपवलं. सरकारी राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय २०११ मध्ये उभं राहिलं, तोवर फार उशीर झाला होता. एबीएस-सीबीएन या वाहिनीच्या जतन प्रकल्पानं ‘हिमाला’, ‘ओरो, प्लाता, माता’ असे कितीतरी चित्रपट वाचवले. ‘इन्सियांग’ची जीर्णोद्धार केलेली प्रत २०१५ मध्ये पुन्हा कानमध्ये दाखवली गेली. ‘सिलिप’ परदेशी डीव्हीडी कंपनीमुळे टिकला.

सुरुवात ‘इन्सियांग’पासून करा. मग ‘बर्लेस्क क्वीन’, ‘मनिला बाय नाइट’, ‘ब्रूटाल’ आणि त्यानंतर ‘स्कॉर्पिओ नाइट्स’. ‘सिलिप’ शेवटी ठेवा, आणि त्यात रेड्याला खरोखर मारण्याचं दृश्य आहे हे आधीच माहीत असू द्या. लैंगिक हिंसा यांतल्या जवळपास प्रत्येक चित्रपटात आहे. सोबत पाहणाऱ्यांना त्याची कल्पना देऊन मगच लावा. इंटरनेटवर फिरणाऱ्या धूसर, अर्धवट प्रतींवरून कुठल्याही दिग्दर्शकाबद्दल मत बनवू नका. त्यातल्या कित्येक प्रती सेन्सॉरनं कापलेल्या आहेत आणि काहींत नको ते जोडलेलं आहे.